फुकट, मोफत आणि मुक्त : व्यावसायिक कुस्तीच्या अनधिकृत चित्रफिती आणि वाचनविवेक

घटक ५

५.० उद्दिष्टे

हा घटक अभ्यासल्यानंतर आपल्याला
• ‘फुकट’, ‘मोफत’, ‘विनामूल्य’ आणि ‘मुक्त’ या शब्दांमधील अर्थभेद सोदाहरण स्पष्ट करता येईल.
• व्यावसायिक कुस्तीच्या चित्रफिती अनधिकृत वाटांनी प्रेक्षकांपर्यंत कशा पोहोचतात, हे सांगता येईल.
• ‘चाचेगिरी’, ‘विनापरवाना प्रदर्शन’ यांसारख्या संज्ञांचा कायद्याच्या संदर्भात विचार करता येईल.
• परवानगी देणे ही एक वाक्‌कृती आहे, हे समजून घेता येईल.
• फसव्या मजकुराची भाषिक लक्षणे ओळखून स्वतःचे व कुटुंबाचे संरक्षण करता येईल.

५.१ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, भाषेचा अभ्यास म्हणजे केवळ कविता-कादंबऱ्यांचा अभ्यास नव्हे. दुकानावरची पाटी, बँकेचा संदेश, मोबाइलच्या पडद्यावर उमटणारी सूचना हेही भाषेचेच आविष्कार आहेत. ते वाचताना चूक झाली, तर तिची किंमत परीक्षेतील गुणांपेक्षा मोठी असू शकते. म्हणून या घटकात आपण नेहमीच्या वापरातील एक विषय अभ्यासासाठी घेत आहोत : व्यावसायिक कुस्तीच्या चित्रफिती अनधिकृतपणे पाहणे आणि त्यातील धोके.

वाशीम जिल्ह्यासारख्या भागात हा विषय अधिक महत्त्वाचा ठरतो. १ जुलै १९९८ रोजी अकोला जिल्ह्यातून वेगळा झालेला हा सहा तालुक्यांचा जिल्हा आहे. २०११ च्या जनगणनेनुसार त्याची लोकसंख्या सुमारे १२ लाख असून दर पाच व्यक्तींपैकी चार व्यक्ती ग्रामीण भागात राहतात. अशा भागातील अनेक घरांत एकच स्मार्टफोन असतो. सोयाबीनच्या विक्रीचे पैसे जमा झाल्याचा संदेश त्याच फोनवर येतो. पीएम-किसानच्या हप्त्यासाठी लागणारा ओटीपी त्यावरच येतो. मुलाचे परीक्षेचे प्रवेशपत्र त्यावरच उघडले जाते आणि संध्याकाळी घरातील मुले कुस्ती पाहतात, तीही त्यावरच. करमणूक, शिक्षण आणि बँक या तीन गोष्टी एकाच खिशात आल्यामुळे करमणुकीच्या दाराने आलेला चोर थेट तिजोरीपर्यंत पोहोचू शकतो.

५.२ विषय-विवेचन

५.२.१ आखाड्यापासून पडद्यापर्यंत

महाराष्ट्राला कुस्ती नवी नाही. कोल्हापूरचे खासबाग मैदान, १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये खाशाबा जाधव यांनी मिळवलेले कांस्यपदक, १९६१ पासून सुरू झालेली ‘महाराष्ट्र केसरी’ स्पर्धा ही या परंपरेची ठळक स्थाने आहेत. विदर्भातही यात्रेच्या निमित्ताने कुस्त्यांची दंगल भरते. या परंपरेने मराठीला शब्दांची मोठी देणगी दिली आहे. चितपट होणे, डाव टाकणे, आखाड्यात उतरणे, शड्डू ठोकणे हे वाक्प्रचार आज राजकारणाच्या बातम्यांतही सर्रास येतात. आधीच संगनमत करून खेळलेल्या कुस्तीला ‘नूरा कुस्ती’ म्हणतात. हा शब्दही आता आखाड्यापेक्षा वृत्तपत्रांतच अधिक आढळतो.

व्यावसायिक कुस्ती हा याहून वेगळा प्रकार आहे. तिच्यात निकाल आधी ठरलेला असतो, पात्रे असतात, वैर आणि मैत्रीची कथानके असतात. ती अंगमेहनतीवर उभी असलेली एक नाट्यकला आहे. मुंबईत दारासिंग आणि किंगकाँग यांच्या लढतींनी एक काळ गाजवला. त्या काळात ‘फ्रीस्टाईल’ हा शब्द मराठीत असा रुजला, की आजही दोन गटांत मारामारी झाली, की वार्ताहर ‘फ्रीस्टाईल हाणामारी’ असेच लिहितो. पुढे उपग्रह वाहिन्यांबरोबर अमेरिकी कुस्ती घराघरांत आली. मुले पैलवानांची चित्रे, उंची आणि वजन छापलेले पत्ते खेळू लागली. या अमेरिकी संस्थेने २००२ मध्ये नाव बदलून ‘डब्ल्यूडब्ल्यूई’ केले. जागतिक वन्यजीव निधीचेही ‘डब्ल्यूडब्ल्यूएफ’ हेच लघुनाम होते आणि त्यावरून झालेल्या न्यायालयीन वादाचा हा परिणाम होता. तरीही अनेकांच्या तोंडी जुने नावच राहिले. २००७ मध्ये ‘द ग्रेट खली’ या नावाने खेळणारे दलीपसिंग राणा यांनी विश्वविजेतेपद मिळवले, तेव्हा भारतातील हा प्रेक्षकवर्ग आणखी वाढला.

आता या चित्रफितींच्या प्रक्षेपणाचा प्रवास पाहू. टेन स्पोर्ट्स ही वाहिनी २००२ मध्ये सुरू झाली आणि डब्ल्यूडब्ल्यूईचे कार्यक्रम भारतात दाखवू लागली. पुढे ही वाहिनी सोनी समूहाकडे गेली. १ एप्रिल २०२५ पासून मात्र भारतातील हे कार्यक्रम नेटफ्लिक्सवर गेले. नेटफ्लिक्स आणि डब्ल्यूडब्ल्यूई यांच्यात जानेवारी २०२४ मध्ये जाहीर झालेला करार दहा वर्षांचा आणि पाच अब्ज डॉलरहून अधिक रकमेचा आहे. डिशच्या पॅकमध्ये जे वर्षानुवर्षे मिळत होते, त्यासाठी आता इंटरनेट आणि वेगळी वर्गणी लागू लागली. कराराची भाषा प्रेक्षकाला समजावून सांगायला कोणी गावात येत नाही. त्याला एवढेच दिसते, की कालपर्यंत लागणारी कुस्ती आज लागत नाही. अनधिकृत वाटांचा धंदा नेमक्या अशाच वेळी फोफावतो. त्यामुळे अशा वाटेने जाणारा प्रत्येक प्रेक्षक मुळातच अप्रामाणिक असतो, असे समजणे अन्यायाचे ठरेल.

५.२.२ अनधिकृत वाटा

अनधिकृत वितरण नवे नाही. व्हिडिओ कॅसेटच्या काळात एका कॅसेटवरून दुसरी उतरवली जात असे. त्यानंतर मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात दहा-वीस रुपयांत मेमरी कार्ड ‘भरून’ मिळू लागले. आज प्रामुख्याने पुढील प्रकार दिसतात :

१) टॉरेंट : एकच फाइल अनेकांच्या संगणकांतून तुकड्या-तुकड्यांनी येते. येथे फाइल उतरवून घेणारा त्याच वेळी ती इतरांना पुरवतही असतो. बहुसंख्य वापरकर्त्यांना ही दुसरी बाजू ठाऊक नसते.

२) थेट दाखवणारी संकेतस्थळे : ही स्थळे सहसा चित्रफीत स्वतःकडे ठेवत नाहीत, दुसरीकडून आणून दाखवतात. एक बंद झाले, की थोड्या बदललेल्या नावाने दुसरे उघडते.

३) टेलिग्रामवरील चॅनेल आणि व्हॉट्सॲपवरील गट : येथे दुवा ओळखीच्या माणसाकडून येतो, म्हणून त्यावर विश्वास बसतो.

४) फेरफार केलेली ॲप : मूळ ॲपमध्ये बदल करून ‘सगळे खुले’ अशा दाव्याने ती वाटली जातात. ती प्ले स्टोअरवर नसतात. एपीके फाइल म्हणून येतात आणि ‘अज्ञात स्रोतावरून इन्स्टॉल करा’ अशी मुभा फोनकडे मागतात.

५) समाजमाध्यमांवरील पुनर्प्रक्षेपण : यंत्राला ओळखता येऊ नये म्हणून चित्र आरशातल्यासारखे उलटे केलेले, कडा कापलेले किंवा आवाज बदललेला असतो.

या कापाकापीचा एक परिणाम सहसा चर्चेत येत नाही. अधिकृत प्रक्षेपणात ‘हे घरी करून पाहू नका’ असा इशारा अनेक वर्षे दाखवला जात आला आहे. तसेच माहिती तंत्रज्ञानविषयक २०२१ च्या नियमांनुसार अधिकृत मंचांना कार्यक्रमावर वयोगटाची नोंद द्यावी लागते आणि १३ वर्षे व त्यापुढील वयोगटांच्या कार्यक्रमांसाठी पालकांना कुलूप लावण्याची सोय ठेवावी लागते. अनधिकृत तुकड्यात इशारा गळतो, वयोगट गळतो आणि उरते फक्त आपटणे. साहित्याच्या भाषेत सांगायचे तर संहिता तिच्या चौकटीतून उपटली जाते. दहा वर्षांच्या मुलापुढे नाट्य येते, पण ते नाट्य आहे हे सांगणारी वाक्ये येत नाहीत. गादीवर धाकट्या भावाला उचलून आपटणाऱ्या मुलाला ती वाक्ये ऐकू येणे आवश्यक होते.

स्वयं-अध्ययन प्रश्न – १
योग्य पर्याय निवडा.
अ) आधी संगनमत करून खेळलेल्या कुस्तीला (निकाली कुस्ती / नूरा कुस्ती / इनामी कुस्ती) म्हणतात.
आ) टॉरेंट वापरणारी व्यक्ती (फक्त घेणारी / फक्त देणारी / घेणारी व देणारी) असते.

५.२.३ शब्दांचा हिशेब

‘पैसे न देता मिळणारे’ या अर्थाचे अनेक शब्द मराठीत आहेत. कोशात ते शेजारी-शेजारी दिसले, तरी व्यवहारात प्रत्येकाचा स्वभाव निराळा असतो.

‘विनामूल्य’ आणि ‘निःशुल्क’ हे संस्कृत घडणीचे शब्द शासकीय सूचनेत शोभतात. ‘मोफत’ हा फारसीतून आलेला शब्द योजनेच्या फलकावर असतो. ‘मोफत धान्य’ आणि ‘मोफत पाठ्यपुस्तके’ असे आपण म्हणतो. येथे देणारा कोण, हे ठाऊक असते. ‘चकटफू’ हा बोलीतला चेष्टेचा शब्द आहे. ‘फुकट’ मात्र दुधारी आहे. ‘फुकट ते पौष्टिक’ असे आपण हसत म्हणतो. परंतु ‘वर्षभराची मेहनत फुकट गेली’ असेही म्हणतो. ‘किंमत न देता’ आणि ‘व्यर्थ’ हे दोन्ही अर्थ या एका शब्दात एकत्र नांदतात. भाषेने जणू अनुभवच नोंदवून ठेवला आहे.

‘मुक्त’ हा शब्द या सर्वांहून वेगळा आहे. संस्कृत ‘मुच्’ म्हणजे सोडणे या धातूपासून तो बनला असून तो कर्मणि भूतकालवाचक धातुसाधित आहे. त्याचा अर्थ ‘सोडलेले, मोकळे केलेले’ असा होतो. जे सोडलेले आहे ते कोणीतरी सोडलेले असते. म्हणजेच ‘मुक्त’ या रूपात एक कर्ता गृहीत असतो. एखादा लेखक आपले पुस्तक मुक्त परवान्याने प्रसिद्ध करतो, तेव्हा दार त्याने स्वतः उघडलेले असते. फुकटच्या संकेतस्थळावर दार कोणी उघडले, हे कोणीच सांगत नाही.

गावातील दंगलीचे उदाहरण घ्या. आखाड्याभोवती बसलेल्या प्रेक्षकांकडून अनेकदा तिकीट घेतले जात नाही. मग ती कुस्ती फुकट असते का? पैलवानाला मिळणारे इनाम लोकवर्गणीतून येते. कोणी किती दिले, हे ध्वनिक्षेपकावरून नावानिशी पुकारले जाते. खर्च उघड असतो, देणारा ठाऊक असतो, म्हणून पाहणारा निर्धास्त असतो. अनधिकृत संकेतस्थळालाही खर्च असतोच. ते चालवणारा माणूस दानधर्म करीत नसतो. फरक इतकाच, की तेथे वर्गणी कोणाकडून आणि कशी वसूल होते, हे पुकारले जात नाही. ‘हे कोणी दिले आणि त्याचा खर्च कोण सोसतो?’ हा प्रश्न विचारण्याची सवय लागली, तर या घटकाचे अर्धे काम झाले, असे समजावे.

५.२.४ कायद्याची भाषा

या व्यवहाराला इंग्रजीतून आलेला ‘पायरसी’ हा शब्द रूढ आहे. त्याचे मराठी रूप ‘चाचेगिरी’ असे होते. चाचे म्हणजे समुद्रावरील लुटारू. हे एक रूपक आहे आणि प्रत्येक रूपकाप्रमाणे तेही थोडे दाखवते, थोडे झाकते. चाच्याने जहाज लुटले, तर मालकाजवळ जहाज उरत नाही. चित्रफितीची प्रत काढली, तर मूळ चित्रफीत जागेवरच राहते. मग हानी कशाची होते? कोणाला, केव्हा आणि कोणत्या अटींवर दाखवायचे हे ठरवण्याचा अधिकार जातो आणि त्यातून मिळणारे उत्पन्न जाते. या अधिकारालाच आपण प्रताधिकार, स्वामित्वहक्क किंवा कॉपीराइट म्हणतो.

भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात दृश्य ध्वनिमुद्रणाला चलचित्रकृती म्हणून संरक्षण आहे. त्याच कायद्याच्या ३७ व्या कलमाने प्रक्षेपण करणाऱ्या संस्थेला २५ वर्षांचा स्वतंत्र अधिकार दिला आहे. जाणूनबुजून केलेल्या उल्लंघनासाठी ६३ व्या कलमात सहा महिने ते तीन वर्षे कारावास आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंडाची तरतूद आहे. त्याचबरोबर प्रक्षेपणाचे स्वतःच्या खासगी वापरासाठी केलेले मुद्रण किंवा खऱ्याखुऱ्या अध्यापन-संशोधनासाठीचा वापर यांना ३९ व्या कलमाने सवलतही दिली आहे. म्हणून नुसते पाहणारा, प्रत काढणारा, पुढे पाठवणारा आणि विकणारा हे चौघे कायद्याच्या नजरेत सारखे नसतात. कायद्याचा मुख्य रोख वाटणाऱ्यावर आणि विकणाऱ्यावर असतो. पण पाहणारा गटात दुवा पाठवतो, तेव्हा तो त्याच रांगेत एक पाऊल पुढे सरकतो, हे विसरू नये.

महाराष्ट्राच्या कायद्यात या विषयासाठी एक लक्षणीय शब्दप्रयोग आहे. एमपीडीए या लघुनामाने ओळखल्या जाणाऱ्या १९८१ च्या प्रतिबंधात्मक स्थानबद्धता कायद्यात पुढील दुरुस्तीने ‘दृकश्राव्य कलाकृतींचे विनापरवाना प्रदर्शन करणाऱ्या व्यक्ती’ हा गट समाविष्ट झाला. झोपडपट्टीगुंड आणि हातभट्टीवाले यांच्या पंगतीत राज्याने व्हिडिओ पायरेटला बसवले. ही रचना बारकाईने पाहा. तिच्यात ‘चोर’ नाही, ‘चाचा’ नाही. सारा भार ‘विनापरवाना’ या विशेषणावर आहे. संस्कृत ‘विना’ आणि फारसी ‘परवाना’ यांच्या जोडणीतून बनलेला हा संकरित सामासिक शब्द आहे. कायद्याने दोषाचे मूळ प्रदर्शनात मानलेले नाही, परवानगीच्या अभावात मानले आहे.

न्यायालयांपुढची अडचणही भाषेचीच आहे. ज्याचे नाव ठाऊक नाही त्याच्यावर दावा कसा दाखल करायचा? २००२ च्या विश्वचषक फुटबॉल स्पर्धेच्या वेळी टेन स्पोर्ट्सच्या मालक कंपनीने विनापरवाना दाखवणाऱ्या केबलचालकांविरुद्ध दिल्ली उच्च न्यायालयात धाव घेतली आणि न्यायालयाने अज्ञात प्रतिवादींनाही लागू होईल असा आदेश दिला. इंग्लंड-अमेरिकेत अशा अज्ञात माणसाला ‘जॉन डो’ म्हणतात. आपल्याकडे अशा आदेशांना ‘अशोक कुमार आदेश’ असे नाव पडले. एप्रिल २०१९ मध्ये त्याच न्यायालयाने चित्रपटांच्या संदर्भात आणखी पुढचे पाऊल टाकले. एका स्थळावर बंदी घातल्यावर त्याचीच प्रतिबिंबे नव्या नावाने उगवली, तर दर वेळी नवा दावा न लावता ती आदेशात जोडता येतील, अशी सोय केली. बंदी येते आणि नाव बदलते, या खेळात प्रेक्षकाच्या दृष्टीने एक गोष्ट महत्त्वाची आहे. जे स्थळ आज एका नावाने आणि उद्या दुसऱ्या नावाने येते, त्याच्याविरुद्ध तक्रार करायची झाली तर ती कोणाच्या नावाने करणार?

स्वयं-अध्ययन प्रश्न – २
एका वाक्यात उत्तरे लिहा.
अ) ‘मुक्त’ या शब्दरूपात कर्ता गृहीत असतो, असे का म्हटले आहे?
आ) ‘विनापरवाना’ हा शब्द संकरित का मानावा?

५.२.५ परवानगी कोण कोणाकडे मागतो?

जे. एल. ऑस्टिन या तत्त्वज्ञाच्या १९६२ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झालेल्या व्याख्यानांनी भाषाविचाराला एक वळण दिले. काही वाक्ये माहिती देत नाहीत, ती कृती करतात, हे त्यांनी दाखवले. ‘मी वचन देतो’ असे म्हणणे हेच वचन देणे असते. ‘मी राजीनामा देतो’ हे वाक्य म्हणजेच राजीनामा. यांना वाक्‌कृती म्हणतात. ‘परवानगी देतो’ ही अशीच वाक्‌कृती आहे. मोबाइलच्या पडद्यावर ‘अनुमती द्या’ या शब्दांवर बोट टेकवले, की आपण काही वाचलेले नसते, काही केलेले असते. त्यावर सही-शिक्का लागत नाही, साक्षीदार लागत नाही.

अनधिकृत व्यवहारातील विसंगती येथे स्पष्ट होते. ज्याने मालकाची परवानगी घेतलेली नाही, तोच आपल्याकडे परवानगी मागत असतो. आणि आपण ती देतो!

या परवानग्या कशाच्या असतात, ते क्रमाने पाहू.

सूचना दाखवण्याची परवानगी दिली, की दिवसभर जुगाराच्या, अश्लील मजकुराच्या आणि खोट्या इशाऱ्यांच्या जाहिराती पडद्यावर येऊ लागतात. पैशांच्या ऑनलाइन खेळांना व त्यांच्या जाहिरातींना बंदी करणारा कायदा संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये संमत केला. परंतु जे स्थळ एक कायदा जुमानत नाही, ते दुसरा जुमानेल, ही अपेक्षा व्यर्थ आहे.

संदेश वाचण्याची परवानगी दिली, की बँकेकडून येणारा ओटीपी आपल्याबरोबर त्या ॲपलाही दिसतो. ‘ओटीपी कोणाला सांगू नका’ हे आपण कटाक्षाने पाळतो. पण येथे सांगावे लागतच नाही.

सर्वांत घातक परवानगी ‘अ‍ॅक्सेसिबिलिटी’ची आहे. दिव्यांग व्यक्तींना फोन वापरणे सुकर व्हावे म्हणून ही सोय निर्माण झाली. ती मिळालेले ॲप पडद्यावरील मजकूर वाचू शकते आणि आपल्या वतीने बटणेही दाबू शकते. दुष्ट हेतूच्या ॲपच्या हाती ती गेली, तर फोन आपल्या हातात असूनही चालवणारा दुसराच असतो.

याखेरीज ‘खाते विनामूल्य उघडा, केवळ खात्रीसाठी कार्डाचा क्रमांक द्या’ असा एक प्रकार असतो. खात्री आपली केली जाते, मागणाऱ्याची नाही.

यावर एक सोपी कसोटी आहे : मागणी आणि काम यांचा मेळ बसतो का? कुस्ती दाखवायला आवाज आणि चित्र लागते. तिला आपले संदेश कशाला हवेत? आपल्या संपर्कातील माणसांची यादी कशाला हवी? मेळ बसत नसेल, तर तेथेच थांबावे.

५.२.६ फसव्या मजकुराची रीती

वाशीम म्हणजे प्राचीन वत्सगुल्म. वैदर्भी रीतीचे ‘वच्छोमी’ हे प्राकृत नाव याच नगरावरून पडले, असे अभ्यासक मानतात. रीती म्हणजे लेखनाची धाटणी. फसवणुकीच्या मजकुरालाही स्वतःची एक रीती असते. भाषेच्या विद्यार्थ्याला ती पुढील लक्षणांवरून ओळखता यावी.

१) आज्ञार्थाची गर्दी : ‘येथे दाबा’, ‘लगेच डाउनलोड करा’, ‘आत्ताच पाहा’. विचाराला जागा देणारी ‘पाहता येईल’, ‘इच्छा असल्यास’ अशी विध्यर्थी किंवा सशर्त वाक्ये जवळपास नसतात.

२) घाई : ‘फक्त दोन मिनिटे शिल्लक’. व्यावसायिक कुस्तीचा साप्ताहिक कार्यक्रम अमेरिकेत सोमवारी रात्री, म्हणजे आपल्याकडे मंगळवारी पहाटे सुरू होतो. ती वेळ साधून पाठवलेल्या दुव्यात घाईची भाषा अधिकच असते.

३) कर्त्याचा लोप : ‘आपल्या फोनमध्ये विषाणू आढळला आहे’. कोणाला आढळला? कशाने तपासल्यावर? कर्मणी रचनेत कर्ता गाळण्याची सोय असते. तिचा येथे गैरवापर होतो.

४) यंत्राने भाषांतरित केलेली मराठी : एकाच परिच्छेदात ‘तू’ आणि ‘आपण’, चुकलेले लिंग, लागलेच नाहीत असे विभक्तिप्रत्यय. मात्र हे लक्षण दिवसेंदिवस दुबळे होत आहे. यंत्रे शुद्ध मराठी लिहू लागली आहेत. म्हणून शुद्धता हा प्रामाणिकपणाचा पुरावा मानू नये.

५) नावाची नक्कल : प्रसिद्ध नावात एखादे अक्षर वाढवलेले, गाळलेले किंवा बदललेले. संकेतस्थळाच्या पत्त्याशेजारी कुलपाचे चिन्ह दिसले, म्हणजे स्थळ खरे असे अनेकांना वाटते. ते चिन्ह इतकेच सांगते, की वाटेत कोणी तिसरा वाचू शकत नाही. पलीकडचा माणूस सज्जन आहे, असे ते सांगत नाही.

६) पत्त्याचा अभाव : संस्थेचे नाव, तक्रार कोठे करावी, परवाना कोणाचा, यांपैकी काहीही नसते.

५.२.७ काय करावे?

केवळ ‘पाहू नका’ असे सांगणे पुरेसे नाही. पाहण्याच्या सरळ वाटा कोणत्या, हेही ठाऊक हवे. नेटफ्लिक्सने डिसेंबर २०२१ मध्ये भारतातील केवळ मोबाइलवर पाहण्याच्या योजनेचा मासिक दर १९९ रुपयांवरून १४९ रुपये केला. हा खर्च प्रत्येक घराला परवडेलच असे नाही. तथापि डब्ल्यूडब्ल्यूईची यूट्यूबवर स्वतःची अधिकृत वाहिनी आहे. तिचे सदस्य १० कोटींहून अधिक असून लढतींचे निवडक भाग तेथे पैसे न देता पाहता येतात. जुन्या, पूर्ण लढतींसाठीही संस्थेने २०२४ मध्ये तेथे वेगळी वाहिनी सुरू केली. पैसे न देता मिळणारे सर्वच अनधिकृत असते, हा समजही म्हणून चुकीचा आहे. तेथे दार मालकाने स्वतः उघडलेले असते आणि खर्च जाहिरातींतून निघतो, हे सर्वांना ठाऊक असते.

संशयास्पद ॲप फोनमध्ये घेतले गेलेच, तर घाबरून ते लपवू नये. पुढील क्रम पाळावा :

• प्रथम फोनचे इंटरनेट बंद करावे.
• दुसऱ्या फोनवरून बँकेशी संपर्क साधून खाते व कार्ड थांबवण्यास सांगावे.
• पैसे गेले असल्यास १९३० या राष्ट्रीय मदतक्रमांकावर त्वरित तक्रार नोंदवावी. केंद्र शासनाच्या सायबर गुन्हे संकेतस्थळावरही तक्रार करता येते. रक्कम पुढच्या खात्यांत वळण्यापूर्वी तक्रार पोहोचली, तर ती रोखली जाण्याची शक्यता अधिक असते.
• संदेश, व्यवहार क्रमांक आणि दुवा यांची छायाचित्रे जपून ठेवावीत.
• परवलीचे शब्द दुसऱ्या उपकरणावरून बदलावेत आणि जाणकाराच्या मदतीने फोन मूळ स्थितीत आणावा.

रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार, चूक ग्राहकाची वा बँकेची नसून तिसऱ्याने घुसखोरी केली असेल आणि ग्राहकाने तीन कामकाजी दिवसांत कळवले असेल, तर ग्राहकावर भार पडत नाही. ग्राहकाच्या निष्काळजीपणामुळे हानी झाली असल्यास मात्र कळवण्यापूर्वीचे नुकसान त्यालाच सोसावे लागते. म्हणून कळवण्यात दिरंगाई करू नये. घरातील मुलाने ॲप घेतले असेल, तर त्याला रागावण्यापेक्षा त्याने ते लगेच सांगणे महत्त्वाचे असते. रागाच्या धाकाने गेलेले दोन तास परत मिळत नाहीत.

५.३ सारांश

व्यावसायिक कुस्ती हा मराठी प्रेक्षकाचा जुना आवडीचा विषय आहे. प्रक्षेपणाचे हक्क वाहिनीवरून इंटरनेटवर गेले, वर्गणीचे स्वरूप बदलले आणि अनेक प्रेक्षक अनधिकृत वाटांकडे वळले. या वाटांवर कायद्याचा धोका आहे, पण त्याहून जवळचा धोका घरातील एकमेव फोनला आणि त्यातील पैशाला आहे. ‘फुकट’ या शब्दाआड खर्च सोसणारा कोण, हे झाकले जाते. ‘मुक्त’ या शब्दात सोडणारा कोण, हे सूचित असते. आपण ज्या विद्यापीठाचे विद्यार्थी आहोत, त्याच्या नावातही ‘मुक्त’ आहे. वय, अंतर, नोकरी, संसार यांचे अडसर तेथे दूर केले गेले आहेत. ते कोणी केले आणि उत्तरदायित्व कोणाचे, हे उघड आहे. शुल्कही पावतीसह घेतले जाते. मुक्तपणा आणि फुकटेपणा यांतील हा भेद अभ्यासाच्या पुस्तकांनाही लागू आहे. व्हॉट्सॲप गटात फिरणारी विनापरवाना पीडीएफ उघडण्यापूर्वीही तोच प्रश्न विचारावा : हे कोणी दिले आणि खर्च कोणाचा?

५.४ पारिभाषिक शब्द

प्रताधिकार : आपल्या निर्मितीची प्रत काढणे व ती लोकांपर्यंत पोहोचवणे यावरील निर्मात्याचा कायदेशीर अधिकार.
वाक्‌कृती : जी उच्चारल्याने वा दर्शवल्याने एखादी कृतीच घडते अशी भाषिक क्रिया.
रीती : लेखनाची विशिष्ट धाटणी.
संकरित शब्द : दोन भिन्न भाषांतील घटकांच्या संयोगाने बनलेला शब्द.
एपीके : अँड्रॉइड फोनवर ॲप बसवण्यासाठी वापरली जाणारी फाइल.

५.५ स्वयं-अध्ययन प्रश्नांची उत्तरे

प्रश्न १ : अ) नूरा कुस्ती. आ) घेणारी व देणारी.
प्रश्न २ : अ) ‘मुक्त’ हे ‘मुच्’ धातूचे कर्मणि भूतकालवाचक धातुसाधित असून ‘सोडलेले’ या अर्थात सोडणारा गृहीत असतो. आ) त्यात ‘विना’ हा संस्कृत आणि ‘परवाना’ हा फारसी घटक आहे.

५.६ सरावासाठी स्वाध्याय

१) ‘फुकट’ या शब्दाचे दोन अर्थ सांगून प्रत्येकी तीन वाक्यांत उपयोग करा.
२) ‘चाचेगिरी’ हे रूपक काय दाखवते आणि काय झाकते, ते स्पष्ट करा.
३) ‘ज्याने परवानगी घेतलेली नाही, तोच परवानगी मागत असतो’ या विधानाचे वाक्‌कृतीच्या संकल्पनेच्या आधारे विवेचन करा.

५.७ क्षेत्रीय कार्य

आपल्या फोनवर गेल्या महिन्यात आलेले पाच अनोळखी संदेश वहीत उतरवून घ्या. त्यांतील दुवे उघडू नका. प्रत्येक संदेशातील क्रियापदाचे अर्थ, कर्त्याचा उल्लेख वा लोप, संबोधन आणि घाईदर्शक शब्द यांचा तक्ता तयार करा. हा तक्ता घरातील सर्वांना, विशेषतः लहान मुलांना आणि वडीलधाऱ्यांना, वाचून दाखवा आणि त्यांनी विचारलेल्या प्रश्नांची नोंद अभ्यासकेंद्रावरील चर्चेसाठी आणा.